चौघींनी धरलं होतं

“हात सोडा, सर. पोरगी चालतेय ना स्वतःच्या पायांनी?”

शाळेच्या मुलींच्या गेटवर सकाळी हे वाक्य ऐकू आलं की समजायचं, कुणीतरी बाप घाईत आहे. गाडी आडवी लावलेली, एका हातात दप्तर, दुसऱ्या हातात लेकीचं मनगट, आणि लेक निम्मी चालत, निम्मी फरफटत. मग गेटवरची गार्ड दोन पावलं पुढे यायची. उंचीला बहुतेक बापांपेक्षा वरचढ. गार्डची टोपी, टोपीखाली घट्ट बांधलेला काळा रुमाल. बाप मोठ्या कंपनीत मॅनेजर असो नाहीतर कुणीही, मनगट सुटेपर्यंत ती गेटमधून हलत नसे. मागे गाड्यांची रांग लागे, हॉर्न वाजत. ती ढिम्म.

दोहात अबू हमूरच्या बाजूला तुमची मुलं शाळेत असतील, तर तुम्हीही कधीतरी तिच्यावर चिडला असाल. मीही चिडले होते. मी त्या शाळेतली नर्स. माझी मुलगी इरा तेव्हा तिसरीत होती, आणि अल वक्राहून निघायला उशीर झाला की मीही तिला ओढतच आणायचे. पहिल्याच आठवड्यात मला ऐकावं लागलं, “सिस्टर, हँड.” इरा खूश. घरी येऊन बाबाला म्हणाली, “शी स्कोल्डेड मम्मा!”

त्या गार्डचं नाव मी लिहीत नाही, देशाचंही नाही. पश्चिम आफ्रिकेतला, एवढं पुरे. का ते पुढे कळेल. आमचं बोलणं इंग्रजीत चालायचं. तिचं इंग्रजी तिच्या गावच्या वळणाचं, माझं नाशिकच्या. तरी आम्हाला एकमेकींचं सगळं कळायचं, आणि मुख्याध्यापिकांना दोघींचंही अर्धंच.

दहाच्या सुमाराला ती रक्तदाब मोजायला म्हणून माझ्या खोलीत यायची. रक्तदाब नेहमी चांगलाच असायचा. खरं कारण एसी आणि माझा डबा. एकदा तिला थालीपीठ आणि ठेचा दिला. मी पाण्याची बाटली तयार ठेवली होती. तिने ठेचा बोटाने चाटला, विचार केला आणि म्हणाली, “चांगला आहे. तुमच्याकडे मिरची मिळत नाही का?”

तिचं हसणं मोठं होतं. आवाज पार लायब्ररीपर्यंत जायचा. म्हणून त्या फेब्रुवारीत जे झालं, त्यावर सुरुवातीला कुणाचा विश्वास बसेना.

लसीकरणाचा दिवस होता. दुसरीतली एक मुलगी, सात वर्षांची, सुई पाहून बिथरली. बाहेर पन्नास मुलींची रांग. आम्ही नेहमी करतो तेच केलं. तिला कॉटवर आडवं केलं. एका आयाने खांदे दाबले, दुसरीने पाय, मी दंड धरला आणि लस द्यायला आलेली बाहेरची नर्स सुई घेऊन वाकली. मुलगी जिवाच्या आकांताने ओरडत होती. मी म्हणत होते, “झालं, झालं, एक मिनिट.”

दार भिंतीवर आपटलं. मला आधी फक्त गार्डचा निळा शर्ट दिसला. तिने पायांशी बसलेल्या आयाला मानेमागून धरून उचललं आणि औषधांच्या कपाटावर फेकलं. काच फुटली. खांद्यांवरच्या आयाच्या छातीत कोपर बसलं, ती खाली कोसळली. माझ्या तोंडावर हाताचा उलटा फटका आला. चष्मा कुठे गेला कळलंच नाही, ओठ दातांवर फाटला. बाहेरची नर्स सुई हातात धरून कोपऱ्यात सरकली होती. आणि ती? मुलीला पोटाशी घेऊन जमिनीवर बसली होती, आमच्याकडे पाठ करून. भिंतीसारखी पाठ. तिच्या भाषेत काहीतरी पुटपुटत होती. मुलगी गप्प झाली होती, पण ती स्वतः अशी कापत होती की कॉटचा पाय खडखडत होता.

कपाटावर पडलेल्या आयाच्या कपाळाला पाच टाके पडले. गार्डच्या एजन्सीकडे तक्रार लिहायची, तिला काढून टाकायचं, असं ठरल्यातच जमा होतं. मुख्याध्यापिका म्हणाल्या, “तुमचं स्टेटमेंट आजच्या आज द्या.” माझा ओठ सुजून वांग्यासारखा झाला होता. लिहायला बसले, आणि का कोण जाणे, आधी तिच्याकडे गेले. ती गेटच्या केबिनमध्ये बसून होती. मी म्हटलं, “तू मला का मारलंस, एवढं सांग. मग मी लिहिते.”

तिने टोपी काढून मांडीवर ठेवली. मग म्हणाली, “तुम्ही चौघीजणी होता. मलाही चौघींनी धरलं होतं.”

ती तेव्हा सात वर्षांची होती. गाव नदीकाठी. आंब्याचे दिवस. आई म्हणाली, नवे कपडे मिळणार, कोंबडी शिजणार. ती आणि तिची नऊ वर्षांची बहीण नाचतच गेल्या. चटयांचं कुंपण घातलेलं अंगण होतं, आत नुसत्या बायका. बाहेर ढोल सुरू झाला. ढोल कशासाठी, तर किंचाळ्या ऐकू जाऊ नयेत म्हणून. एकीने हात धरले, दोघींनी पाय, एक छातीवर बसली. तोंडात कापड कोंबलं. मुलींचीही सुंता करायची तिथे रीत होती, पात्याने. “मला वाटलं, माझं काहीतरी चुकलं म्हणून मला मारून टाकताहेत. काय चुकलं, तेच आठवत होते.”

“आणि कापणारी?” मी विचारलं.

“माझी आई.”

मला वाटलं, मी चुकीचं ऐकलं. ती म्हणाली, “माझी आई, तिची आई, तिची आई. आमच्या घराचं ते काम आहे. पातं थोरल्या मुलीकडे जातं. थोरली माझी बहीण होती. तिचं रक्त थांबलं नाही. संध्याकाळी ती गेली. मग थोरली मी झाले.”

अठराव्या वर्षी आईने तिच्या हातात पातं दिलं. तिने ते जाऊन शौचाच्या खड्ड्यात टाकलं. आईने ओल्या दोराने तिला झोडपलं. दोन दिवस ती पालथीच पडून होती. तिसऱ्या दिवशी आईच पाला उकळून घेऊन आली आणि एकेक वळ शेकत बसली. दोघी एक शब्द बोलल्या नाहीत. “पातं काय, बाजारात मिळतं,” ती म्हणाली. “आईने दुसरं आणलं.”

मी स्टेटमेंटमध्ये लिहिलं की मुलीला धरण्याची आमची पद्धत चुकीची होती, त्यातून झटापट झाली. तिची नोकरी टिकली. टाके पडलेल्या आयाला हे मुळीच पटलं नाही, आणि का पटावं? तिने ती मुलगी वाचवायला थोडीच काच अंगावर घेतली होती! मग दर गुरुवारी ती आयासाठी शेंगदाण्याच्या वाटणातला चिकनचा रस्सा आणू लागली. आया तोंड फिरवून बसायची, रस्सा संपवायची, डबा धुऊन परत करायची. असे दोन महिने गेले. मग एका गुरुवारी आयाने विचारलं, “आज भात कमी का?” आणि भांडण मिटलं.

तेव्हापासून माझ्या खोलीत लसीसाठी कुणाला धरत नाहीत. वेळ लागतो. लागू दे.

तिला स्वतःला आठ वर्षांची मुलगी होती. नवरा युरोपला जायचं म्हणून बोटीत बसला तो बसलाच, पुन्हा निरोप नाही. मुलगी सासूकडे ठेवून ती कतारला आली. येताना सासूकडून कुराणावर हात ठेवून शब्द घेतला होता, की मुलीला हात लावणार नाही. “धर्मात हे नाही,” ती मला पुन्हा पुन्हा सांगायची. “मी इथल्या मशिदीत शिकलेल्या बाईंना विचारून घेतलंय.” मी काही तिच्याशी वाद घालत नव्हते. ती मनातल्या मनात सासूशी बोलत होती.

जूनमध्ये, सुट्टी लागायच्या आधीच्या आठवड्यात, ती मधेच माझ्या खोलीत आली. फोन पुढे धरला आणि मुलीचा व्हॉइस मेसेज लावला. भाषा मला कळली नाही. आवाज आनंदाने नुसता उड्या मारत होता.

“काय म्हणते?”

“म्हणते, आजीने नवे कपडे आणलेत. शनिवारी दुसऱ्या आजीकडे, म्हणजे माझ्या आईकडे, जायचंय. कोंबडी आहे.”

त्या दिवशी बुधवार होता.

तिने सासूला फोन लावला. बंद. आईला लावला. आईने उचलला, ऐकून घेतलं आणि म्हणाली, “तू परदेशात आहेस. मुलगी इथे वाढणार. न कापलेल्या मुलीच्या हातचं पाणी इथे कोण पिणार?” फोन ठेवला गेला. तिने भिंतीवर मूठ मारली. एकदा, दोनदा, मग मोजायच्या पलीकडे. भिंतीवरच्या दातांच्या तक्त्यावर रक्ताचे ठिपके उडाले. मी तिला मागून धरायला गेले आणि हात आवरला. तिला धरायचं नाही, एवढं मला कळत होतं. नुसती बाजूला उभी राहिले.

एजन्सीचा सुपरवायझर म्हणाला, रजा पुढच्या महिन्यात, इन्शाल्ला. तिने विचारलं, “पुढच्या महिन्यात माझी मुलगी मला आत्ता आहे तशी परत मिळेल का?” त्याला काही समजलं नाही. मग मी मुख्याध्यापिकांच्या खोलीत गेले, दार लावून घेतलं आणि सगळं सांगितलं. त्यांनी ऐकलं. चष्मा काढला, पुसला. दोन फोन केले. गुरुवारी दुपारी ती विमानात होती.

ती परत आली ऑगस्टच्या शेवटी. शाळा उघडली त्या सकाळी गेटवर तिला पाहिलं आणि माझ्या हातातली किल्ली पडली. डावा हात कोपरापर्यंत प्लास्टरमध्ये, समोरचे दोन दात नाहीत, उजव्या तळव्यावर आडवी, फुगलेली जखम. मी काही विचारायच्या आत म्हणाली, “माझी मुलगी आहे तशी आहे.” मग दहा वाजता खोलीत येऊन तिने सगळं सांगितलं. बसली नाही. उभ्यानेच सांगितलं.

दोन विमानं बदलून, मग फेरीबोट, मग मालाचा ट्रक. शनिवारी सकाळी ती गावात उतरली तेव्हा ढोल सुरू होता. ती चटयांचं कुंपण फाडून आत शिरली. पाच मुली होत्या. दोघींचं झालं होतं, त्या कापड पांघरून पडल्या होत्या. तिसरीला धरलं होतं. तिची स्वतःची मुलगी चौथी, नव्या कपड्यांत कुंपणाला टेकून बसलेली, डोळे गच्च मिटून.

“तिसरी माझ्या मैत्रिणीची लेक. सहा वर्षांची. आम्ही दोघी एका शाळेत होतो. तिचे खांदे मैत्रिणीनेच धरले होते. ती मुलगी अगदी माझ्या वाटेत होती, सिस्टर. मी तिला ओलांडलं आणि माझ्या मुलीकडे गेले. मागून तिची किंचाळी आली, तेव्हा मी माझीला उचलत होते.”

मग सगळ्या बायका तिच्यावर तुटून पडल्या. सासूने मुसळ घातलं, ते तिने डाव्या हातावर झेललं. हाड मोडल्याचा आवाज ढोलातही तिला ऐकू आला. दुसरं मुसळ तोंडावर बसलं. कुणीतरी मुलीचा पाय ओढत होतं. त्या हाताला ती कडकडून चावली. मग समोर आई आली, हातात पातं. आई शांत होती. म्हणाली, “मध्ये येऊ नकोस, बाळ. एका मिनिटाचं काम.”

“मी पातं मुठीत धरलं. ती ओढत होती, मी सोडत नव्हते. मग मी माझं डोकं तिच्या तोंडावर आपटलं. आईच्या नाकातून रक्त आलं आणि ती खाली बसली, अशी, लहान मुलासारखी. मी आईला मारलं, सिस्टर.”

मुलीला उजव्या काखेत घेऊन ती नदीकडे पळाली. मागून दगड येत होते. नावाड्याने तिचं रक्ताने भरलेलं तोंड पाहिलं, पोरीचे कपडे पाहिले आणि काही न विचारता नाव ढकलली. राजधानीत तिची एक ओळखीची शिक्षिका होती. मुलीला तिथे ठेवून, हाताचं हाड बसवून घेऊन, ती नोकरीवर परत आली होती.

मी तिच्या तळव्याची जखम धुतली. शिवताना ज्याने कुणी शिवली होती त्याने घाई केली होती. दोरा आतच राहिला होता. मी तो तुकड्यातुकड्याने काढला. ती खिडकीबाहेर बघत होती. म्हणाली, “आपण गेटवर उभं राहून एवढंच शिकतो. दारात आडवं कसं व्हायचं.” आणि पडलेल्या दातांच्या जागेतून हसली.

नोव्हेंबरात त्या मैत्रिणीचा निरोप आला. तिसरी मुलगी दुसऱ्याच दिवशी गेली होती. गावाने जिनाने, म्हणजे भुताने, नेलं म्हणून सांगून तिला पुरलं होतं. तिची आई, म्हणजे ही मैत्रीणच, चार महिने गप्प राहिली. आता ती म्हणत होती, “खांदे मी धरले होते. मी पोलिसांना सांगणार आहे, माझं काय व्हायचं ते होऊ दे. पण माझ्या एकटीचं कोण ऐकेल? तू पाहिलंस. तू येशील का?”

तिथे याविरुद्ध कायदा आहे. साक्ष द्यायची म्हणजे स्वतःच्या आईविरुद्ध द्यायची, आणि नोकरी सोडून जायचं.

तुमच्यापैकी कुणीही जे म्हणालं असतं तेच मी म्हणाले. जाऊ नकोस. इथूनच लिहून पाठव. मुलगी सुखरूप आहे, तिचं बघ. तुला तिथे जिवंत सोडणार नाहीत. मी बरंच काही म्हणाले. मला वाटतं, मी शहाणपणाचंच बोलत होते.

ती म्हणाली, “सिस्टर, मी तिला ओलांडलं.”



डिसेंबरातल्या एका दुपारी मी तिला विमानतळावर सोडलं. वाटेत माझ्या गाडी चालवण्याला नावं ठेवत होती. “यल्ला, चल ना सिस्टर, तो ट्रक म्हातारा होईल तुझी वाट बघून.” मी तिला एक पिशवी दिली: पट्ट्या, कापूस, जंतुनाशक, तापाच्या गोळ्या, मुलांचं सिरप. तिने उघडून प्रत्येक वस्तू पाहिली, कशाला काय ते नीट विचारून घेतलं. मग माझ्या ओठावरच्या त्या बारीक खुणेला एक बोट लावलं, “सॉरी” म्हणाली आणि आत गेली. मागे वळून पाहणाऱ्यांतली ती नव्हती.

पुढचं दीड वर्षात आलेल्या व्हॉइस मेसेजमधून कळलं. मैत्रिणीने कोर्टात उभं राहून सांगितलं की खांदे मी धरले होते, आणि ती तिथेच चक्कर येऊन पडली. मग ही उभी राहिली. समोर आई बसली होती. हिने सगळं सांगितलं, बहिणीपासून. न्यायाधीशांनी आईला विचारलं, काही म्हणायचंय का. आई त्यांच्याकडे पाहिनाच. तिने लेकीला विचारलं, “तुझा हात सरळ जुळला का गं?”

“मी काय सांगू, सिस्टर? हात वाकडाच जुळलाय. मी म्हटलं, हो.”

आईला तुरुंगवास झाला. मैत्रिणीला तिने स्वतःहून सांगितलं म्हणून कमी शिक्षा झाली, ती लवकर सुटली. मला वाटलं, आता ही राजधानीत मुलीपाशी राहील. पण मैत्रीण घरी परतली तर गावाने तिचं दार बाहेरून लावून छपराला आग लावायचा प्रयत्न केला. म्हणून ही मुलीला घेऊन तिच्यासोबत राहायला गेली. दोन बायका, एक मुलगी. विहिरीवर त्यांना कुणी पाणी भरू देईना, त्या नदीचं आणायच्या. मग एके दिवशी पहाटे एक बाई आली आणि आपली सहा वर्षांची मुलगी दारात ठेवून न बोलता निघून गेली. महिन्याभराने दुसरी, मग तिसरी. पुढच्या मेसेजमध्ये ती म्हणाली, “आता घरात चार पोरी आहेत. चौघी घोरतात.”

शेवटचा मेसेज गेल्या मे महिन्यातला. शाळेत परीक्षा चालू होत्या, मी खोलीत बसून ऐकला. ती नेहमीच्या आवाजात बोलत होती, जरा घाईत. मागे पत्र्यावर काहीतरी धाडधाड पडत होतं.

“सिस्टर, थांब हं, दगड पडताहेत, जरा मोठ्याने बोलते. धाकटीला ताप आहे. तुझ्या पिशवीतलं सिरप अजून शिल्लक आहे, मी तारीख बघितली, चालतंय. किती देऊ? वजन काट्यावर केलेलं नाही. उचलायला भाताच्या अर्ध्या पोत्याएवढी आहे. सकाळपासून काही खाल्लेलं नाही. उपाशीपोटी दिलं तर चालेल?”

मध्ये एक मोठा आवाज. पोरी रडायला लागल्या. तिने त्यांना त्यांच्या भाषेत काहीतरी सांगितलं, रागावून नव्हे, आणि मेसेज संपला.

मी लगेच उत्तर दिलं. त्या वजनाला किती, दर किती तासांनी, पाणी सतत पाजत राहा, आणि आधी दोन घास पेज पोटात जाऊ दे, मग सिरप. बोलताना माझा आवाज मलाच अनोळखी वाटत होता, इतका तो शांत होता. शेवटी म्हटलं, “दार लावलंयस ना?”

दोन निळ्या खुणा उमटल्या. म्हणजे तिने ऐकलं.

त्यानंतर मी पाठवलेल्या प्रत्येक मेसेजवर एकच खूण आहे, करडी. मी राजधानीतल्या त्या शिक्षिकेचा नंबर शोधला, तिलाही काही कळत नाही. माझ्या नवऱ्याने दूतावासाला पत्र लिहून पाहिलं. गेटवर आता दुसरी गार्ड आहे, केनियाची, गोड मुलगी आहे.

ताप उतरला का, हे मी अजून रोज सकाळी खोली उघडली की विचारते. एकच ओळ लिहिते. पाठवते. मग मुली यायला लागतात.